‘दाबीगाढी ले’ : गुप्त ओळ उलगडायची रीत

चिठ्ठीवर एवढंच लिहिलंय: ‘दाबीगाढी ले’. लगेच अंदाज बांधू नका. चौकटीची वही घ्या आणि एका घरात एक अक्षर, मात्रेसकट: दा, बी, गा, ढी, ले. मात्रा अक्षरापासून सुटली की पुढचं सगळं बिघडतं.

मग अक्षरांकडे बघा. मराठीत क, त, न, र, य भरपूर येतात. ढ, झ, घ, फ यांचीच गर्दी दिसली तर अक्षरं बदललेली आहेत. अक्षरं ओळखीची पण शब्द लागत नाही, तर नुसत्या जागा बदलल्यात.

बदललेल्या अक्षरांसाठी क ते ळ ही ३४ व्यंजनं ओळीने मांडा, मात्रा तशाच ठेवा आणि एकेक घर मागे या. एक घर मागे आल्यावर ‘थाफीखाडी रे’, म्हणजे काहीच नाही. दोन घरं मागे: ‘तापीकाठी ये’. सुटलं! ओळ लांब असेल तर आधी ‘आहे’ हुडका. आ स्वर असल्याने हलत नाही. दोन घरं पुढे सरकवलेल्या ओळीत ‘आहे’चं ‘आके’ होतं, कारण ह नंतर ळ आणि मग पुन्हा क. तो एक शब्द सापडला की किती घरं ते कळतं. अर्धी ओळ लागून अर्धी फसली, तर कोडं घालणाऱ्याने बहुधा ङ, ञ गाळलेत किंवा ळ हा ल शेजारी बसवलाय. तशी मांडणी करून पुन्हा मोजा.

जागा बदलल्या असतील, उदाहरणार्थ ‘अळरमने’, तर ओळीचे दोन भाग करा. विषम संख्येत पहिल्या भागाला एक अक्षर जास्त. वर अ-ळ-र, खाली म-ने. वरचं एक, खालचं एक असं वाचलं की अमळनेर.

नुसते आकडे असतील तर अंकपल्लवी, म्हणजे अक्षरांऐवजी आकडे लिहायची रीत, धरून बघा. एका अक्षराला तीन आकडे: वर्ग, वर्गातलं अक्षर, मात्रा. स्वर १, क-वर्ग २, च-वर्ग ३, असं पुढे. मात्रांत अ १, आ २, इ ३, ई ४. ‘५१२ ६१४’ म्हणजे तापी. पण क-वर्गाला १ धरला तर तेच आकडे ‘पायी’ होतात! दोन्ही शब्द खरे, म्हणून पुढचे आकडे लावल्याशिवाय निकाल देऊ नका.

खान्देशातली चिठ्ठी अहिराणीतही असू शकते. तिथे ‘आहे’ऐवजी ‘शे’ शोधा. आणि ‘केयी’ निघालं तर मोजणी चुकली म्हणून खोडू नका. अहिराणीत ळ चा य होतो; ती केळीच.