हवा नको, पाणी घाला: फोटोवर एक ओळ कशी लिहावी

आमच्या परड्यातल्या भिंतीला वडिलांची सायकल टेकवून ठेवलेली आहे. चार पावसाळ्यांत तिच्यावर गुळवेल चढली. हँडल दिसत नाही, सीटखालून पानं बाहेर आलीत. मी फोटो काढला आणि त्यावर लिहिलं, 'जुनी सायकल वेलीत हरवली.' घरात दाखवला. सगळ्यांनी पाहिला आणि फोन परत दिला. सायकल जुनी आहे, वेलीत हरवली आहे, हे फोटो सांगतच होता. माझ्या ओळीने तेच पुन्हा सांगितलं. मग ती पुसून लिहिलं, 'हवा नको, पाणी घाला.' या वेळी फोन परत यायला वेळ लागला. तो हातोहात फिरत होता.

अर्धं फोटोने सांगायचं, अर्धं ओळीने. दोन्ही अर्धी बघणाऱ्याच्या डोक्यात जुळली की हसू येतं. फोटो झाकून नुसती ओळ वाचा. ती एकटीच पुरी वाटली, तर फोटो फुकट गेला. ओळ झाकून फोटो बघा. काही कमी वाटलं नाही, तर ओळ फुकट गेली.

मी कराडात २७ वर्षं पाट्या रंगवल्या. दुकानांच्या, दवाखान्यांच्या, आणि त्याहून जास्त ट्रक-टेम्पोच्या. मालक गाडी लावून म्हणायचा, "पेंटर, फाळक्यावर कायतरी झकास टाका." मागून येणारा मोटरसायकलवाला ते वाचणार किती वेळात? खड्डा चुकवता चुकवता. २०१५ मध्ये राज्यात गाड्यांमागे 'हॉर्न ओके प्लीज' लिहायला बंदी आली, कारण त्याने विनाकारण हॉर्न वाजवायला उत्तेजन मिळतं. तेव्हा रिकाम्या झालेल्या जागेसाठी बरेच जण ओळी मागायला आले. फोनवर बोट सरकवणारा माणूसही त्या मोटरसायकलवाल्यासारखाच आहे. एका दमात वाचून झाली पाहिजे, एवढीच ओळ.

सुरुवात फोटोपासून करा. आवडती ओळ आधी धरून तिला फोटो शोधत बसलात, तर जोड उसनी दिसते. फोटो समोर ठेवून एकच विचारा: यातलं कोण बोलतंय?

पितृपक्षात गच्चीच्या कठड्यावर पत्रावळ ठेवली होती आणि शेजारी कावळा मान वाकडी करून बसला होता. पहिली ओळ सुचली, 'पितृपक्षात कावळ्यालाही भाव येतो.' खरं आहे, पण हे मी कावळ्याबद्दल बोलतोय. दुसरी, 'वर्षभर हाकलता आणि आज बोलावता!' आता कावळा बोलतोय, पण भांडतोय, आणि सगळं उलगडूनही सांगतोय. बघणाऱ्याला काही कामच उरलं नाही. तिसरी ओळ यायला संध्याकाळ झाली: 'आज कशी आठवण काढलीत?' बऱ्याच दिवसांनी बोलावलेली आत्या उंबऱ्यात पाय ठेवताना बोलते, तसंच. हाकलणं, बोलावणं, पितर, मान, यातला एक शब्दही ओळीत नाही आणि सगळं कळतं. आपल्या घरात रोज बोलली जाणारी वाक्यं अशी कामाला येतात. ती ऐकायची, वहीत टिपायची आणि चुकीच्या तोंडी घालायची.

आर. के. लक्ष्मण यांचा कॉमन मॅन १९५१ पासून अर्धशतकाहून जास्त काळ वर्तमानपत्रात दिसला, पण तो स्वतः बोलत नाही. बोलतं दुसरंच कोणी, तेही अगदी गंभीरपणे, आणि हा शेजारी उभा राहून ऐकतो. बोलणाऱ्याला आपण विनोद करतोय हे माहीत नसावं, हे मी तिथून शिकलो. ओळीच्या शेवटी उद्गारचिन्हं आणि हसरे चेहरे लावले की तो गंभीरपणा जातो.

शब्दांचा क्रमही बघा. 'कुत्र्यापासून सावध रहा' या पाटीखाली कुत्रा पाय पसरून झोपलाय. 'रात्रपाळी होती, झोपू द्या' असं लिहिलं तर गंमत पहिल्याच शब्दात सांडते आणि पुढचं रिकामं चालतं. 'झोपू द्या, रात्रपाळी होती.' शब्द तेच, पण आता कळ शेवटी आहे. मराठीत क्रियापद बहुधा शेवटी येतं. तिथे 'आहे', 'असतं' असं मऊ काही आलं की ओळ विझते. जमलं तर ते गाळा.

काही फोटोंना ओळ लागतच नाही. शि. द. फडणीसांची शब्दांशिवायची चित्रं आठवा. फोटो एकटाच हसवत असेल तर तसाच पाठवा, हात लावू नका.

आता अक्षरं. इथे मी हट्टी आहे, कारण चांगली ओळ वाईट अक्षरात मेलेली मी रोज बघतो. फोटो करायच्या ॲपमध्ये अक्षरांमधलं अंतर वाढवायची सोय असते. इंग्रजीला ती चालते, देवनागरीला नाही. शिरोरेषा तुटते आणि शब्दाचे तुकडे होतात. अक्षराभोवती जाड काळी कड दिली की 'ध' आणि 'भ' यांची पोटं भरतात, रफार आणि अनुस्वार एकमेकांत मिसळतात. दोन ओळी असतील तर मध्ये नेहमीपेक्षा जास्त जागा सोडा, नाहीतर वरच्या ओळीचा उकार खालच्या मात्रेवर आदळतो. पाटी रंगवताना आम्ही खडूची दोरी ताणून रेघा मारायचो, तेव्हा ही जागा आधी धरायचो. 'एक टाइप' या अक्षरं घडवणाऱ्या संस्थेचे मुक्ता आणि बलू हे फॉन्ट गूगल फॉन्ट्सवर फुकट मिळतात. मुक्ता साध्या बोलण्याला बरा, बलू गुबगुबीत आहे, लहान मुलांच्या आणि जनावरांच्या फोटोंना शोभतो. श्रीलिपी या टायपिंग सॉफ्टवेअरच्या जुन्या फॉन्टमध्ये टाइप केलेला मजकूर तसाच उचलून टाकू नका, त्याचा कचरा होतो. युनिकोडमध्ये, म्हणजे सगळ्या फोनवर सारखी दिसणारी अक्षरं वापरून, नव्याने टाइप करा.

ओळ फोटोच्या शांत जागेवर ठेवा, म्हणजे आभाळावर, भिंतीवर, मोकळ्या जमिनीवर. शांत जागा नसेल तर खाली साधी पांढरी पट्टी जोडा. व्हॉट्सॲपवर पाठवताना फोटो दाबला जातो आणि बारीक अक्षरांच्या कडा आधी विरघळतात, म्हणून एचडीचा पर्याय निवडा. पाठवण्याआधी फोन टेबलावर ठेवून उभं राहून वाचा. डोळे बारीक करावे लागले तर अक्षर वाढवा.

फोटो स्वतःचाच घ्या. इंटरनेटवर सापडलेल्या फोटोला मालक असतो. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ मध्ये बदल झाला, तेव्हापासून फोटोवरचा हक्क फोटो काढणाऱ्याच्या हयातीत आणि त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं राहतो.

आणि अनोळखी माणसाचा चेहरा नको. मी ही चूक केली आहे. एका एसटी स्टँडवर बाकावर एकजण तोंड उघडं टाकून झोपला होता. मी फोटोवर लिहिलं, 'कार्यालय दुपारी बंद राहील.' ओळ चालली, खूप फिरली. तिसऱ्या दिवशी त्यांचा पुतण्या माझ्या दुकानात आला. काका तीन रात्री दवाखान्यात काकूंच्या उशाशी बसून होते, घरी डबा आणायला निघाले होते. पुतण्या ओरडला नाही. "काढून टाका तेवढं," म्हणाला. मी माझ्याकडचा काढला, पण पुढे गेलेले कसे काढणार? तेव्हापासून मी कावळे, कुत्री, सायकली, चपला आणि पाट्या यांच्यावरच लिहितो. माणूस हवा असेल तर आधी त्याला दाखवतो. तो हसला तरच पुढे.

ओळीखाली मोठ्या माणसाचं नाव घालू नका. पुलंच्या नावावर जे फिरतं त्यातलं कितीतरी त्यांचं नाही. ओळ तुमची असेल तर नाव तुमचं घाला, ऐकलेली असेल तर 'ऐकलेली' असं लिहा.

सध्या माझ्याकडे रेशन दुकानासमोरचा एक फोटो पडून आहे. रांगेत माणसं नाहीत, नुसत्या चपला आहेत आणि माणसं पलीकडे लिंबाच्या सावलीत बसलीत. चेहरे ओळखू येत नाहीत. चार ओळी लिहून खोडल्या. पाचवी कालपासून ठेवली आहे: 'आम्ही पुढे आलोय, माणसं मागून येताहेत.' उद्या दुकानदाराला काही न सांगता दाखवणार आहे.