वक्फ जमिनीवर गाळे उभे राहत असतील तर दाद कशी मागावी

दर्ग्याच्या किंवा मशिदीच्या जागेवर गाळ्यांसाठी खोदकाम सुरू झाले की लोक आधी पोलीस ठाण्याकडे आणि मग नगरपालिकेकडे धाव घेतात, आणि दोन्हीकडे बहुधा एकच प्रश्न विचारला जातो: जमीन वक्फची (धर्मकार्यासाठी कायमची दान दिलेली) असल्याचा कागद कुठे आहे? म्हणून आधी कागद काढावेत आणि मगच तक्रार लिहावी.

राज्य वक्फ मंडळाचे मुख्यालय छत्रपती संभाजीनगरला पाणचक्कीत आहे. तेथून मिळकतीच्या नोंदणीची आणि राजपत्रातील यादीची नक्कल घ्यावी. त्याबरोबर सातबारा, त्यावरील 'इतर हक्क' हा रकाना आणि जुने सर्व फेरफार काढावेत. मराठवाड्यात निजामकाळातील मुंतखबाची, म्हणजे इनामाच्या सनदेची, प्रत मिळाल्यास इनाम कोणाला व कशासाठी दिले होते हे कळते. दर्ग्याची किंवा मशिदीची खिदमत (सेवा) करणाऱ्याच्या वारसांची नावे पुढे कब्जेदार म्हणून चढतात, ते खरेदीखत करून देतात आणि घेणारा 'सातबारा कोरा होता' असे सांगतो, हा तिकडचा नेहमीचा प्रकार आहे. मात्र एकदा वक्फ झालेली मिळकत वक्फच राहते, असे सर्वोच्च न्यायालयाने 1998 साली सय्यद अली प्रकरणात स्पष्ट केले आहे.

नकला हातात आल्या की क्षेत्र जुळवून पाहावे. हैदराबादजवळच्या मणिकोंडा येथील दर्ग्याच्या बाबतीत 1989 च्या राजपत्रात 5506 चौरस यार्ड जागा होती, तर 2006 च्या शुद्धिपत्रकाने ती 1654 एकर दाखवली. तोवर त्या जमिनीवर मोठमोठे प्रकल्प आले होते. 2022 साली सर्वोच्च न्यायालयाने ते शुद्धिपत्रक रद्द केले आणि जमीन सरकारची ठरवली. मंडळाचा कागद आहे एवढ्यावर विसंबून राहणाऱ्यांनी हा निकाल जरूर वाचावा.

मुंबईत प्रश्न वेगळा असतो. तेथे संस्था वक्फ आहे की धर्मादाय आयुक्तांकडे नोंदलेला सार्वजनिक न्यास, यावरच वाद रंगतो. अल्टामाउंट रोडवरील अनाथालयाचा भूखंड 2002 साली विकला गेला तेव्हाचा तंटाही याच धर्तीचा होता. मुस्लिमांचा प्रत्येक न्यास वक्फ ठरत नाही, असा निकाल 2022 साली आला आहे.

यानंतर व्यवहार तपासावा. वक्फ कायद्यातील 2013 च्या दुरुस्तीपासून वक्फ मिळकतीची विक्री, बक्षीस किंवा गहाण मुळातच शून्यवत आहे. एक वर्षावरील भाडेपट्ट्याला मंडळाची पूर्वमंजुरी लागते आणि 30 वर्षांपेक्षा जास्त मुदतीचा पट्टा बाद ठरतो. मुतवल्लीने, म्हणजे वक्फच्या व्यवस्थापकाने, साध्या मुद्रांकावर पागडी घेऊन '99 वर्षांसाठी' गाळा लिहून दिला असेल, तर त्या कागदावर घेणाऱ्याने फार भरवसा ठेवू नये.

दाद वक्फ न्यायाधिकरणात मागावी. मुतवल्लीच नव्हे, तर वक्फमध्ये हितसंबंध असलेली कोणतीही व्यक्ती तेथे अर्ज करू शकते. अतिक्रमण हटवण्यासाठी मंडळाच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याकडे वक्फ कायद्याच्या कलम 54 खाली, तर बेकायदा हस्तांतर झालेली जमीन परत मिळवण्यासाठी मंडळाकडे कलम 52 खाली अर्ज द्यावा. मात्र मंडळाच्याच कृतीविरुद्ध दावा करायचा असेल तर आधी दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते, आणि हे विसरल्याने दावा फेटाळला जाऊ शकतो.

तूर्तातूर्त मनाई हुकमाचा (निकालापर्यंत काम थांबवण्याचा) अर्ज पाया खणला जात असतानाच करावा. त्याला बांधकाम परवान्याची नक्कल व तारखेसह काढलेली छायाचित्रे जोडावीत. स्लॅब पडून शटर बसले आणि गाळेधारकांना पावत्या मिळाल्या की प्रत्येक गाळेधारक नवा प्रतिवादी होतो आणि समन्स बजावण्यातच वर्षे जातात. पूर्वी वक्फच्या बाजूने उशीर चालून जात असे, पण 8 एप्रिल 2025 रोजी लागू झालेल्या दुरुस्तीनंतर मुदतीचा कायदा वक्फलाही लागू आहे. न्यायाधिकरणाच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात 90 दिवसांत अपील करता येते, म्हणून निकाल लागला त्याच दिवशी प्रमाणित प्रतीसाठी अर्ज टाकावा.