पळखाऊंचा कळप रचताना

काळ वाकवणारे प्राणी कथेत आणायचे तर त्यांना एकच शक्ती द्या. मागे नेणे, थांबवणे, गिळणे हे सगळं एकत्र आलं की तिसऱ्या प्रकरणात संकटच उरत नाही.

आमचे पळखाऊ फक्त वेळ गिळतात. माप जुनं घ्या: ६० पळांची १ घटका, म्हणजे २४ मिनिटं, ६० घटकांचं अहोरात्र. प्रत्येक जनावर रात्री ५ पळं खातं. कळप १२ जनावरांचा, म्हणजे रोज एक घटका गेली. ६० रात्रींत गावकऱ्यांच्या आयुष्यातला एक पूर्ण दिवस गायब.

इथेच बहुतेकांचं चुकतं. ते लिहितात की गावाची तारीख मागे पडली. पडणार नाही! सूर्य पळखाऊंच्या हद्दीबाहेर आहे, सूर्योदय तितकेच मोजले जातात. बदलतं ते आतलं: झोप अपुरी, दही नीट विरजत नाही, चुलीतला निखारा पहाटेही जास्त तग धरून. तांब्याचं घटिकापात्र, म्हणजे तळाच्या छिद्रातून भरून दर घटकेला एकदा पाण्यात बुडणारं भांडं, उजाडताना एक बुडी कमी दाखवतं, आणि गावाला संशय तिथूनच यावा. तारीख चुकवायचीच असेल तर सलग अख्खी रात्र उजाडण्यासकट गिळू द्या. त्याला मात्र १५० जनावरंही पुरणार नाहीत.

हद्द नेमकी आखा, उंबरठा उत्तम. दारात एक पाय आत, एक बाहेर ठेवून उभ्या माणसाचं काय, हे आधीच ठरवा, वाचक विचारतातच. वहीत दोन रकाने करा, आतली वेळ नि बाहेरची, आणि प्रत्येक प्रसंगानंतर बेरीज जुळवा.