नवीन सरपंच झालात? फ्लेक्स नंतर, आधी फळा रंगवा

निवडून आलं की पहिल्याच आठवड्यात चौकात फ्लेक्स लागतो. माझं ऐका, ते पैसे वाचवा आणि ग्रामपंचायतीच्या भिंतीवर एक काळा फळा रंगवून घ्या. त्यावर दर महिन्याला लिहायचं, वित्त आयोगाचे पैसे किती आले, कशावर किती गेले, घरपट्टी-पाणीपट्टी किती जमा झाली न किती थकली. बाजूला बिलं चिकटवायची. सुरुवातीला कोणी वाचत नाही, पण पारावर एखादा म्हणाला ना की गटाराच्या कामात खाल्ले, तर दुसराच कोणीतरी बोलतो, जा की, फळ्यावर बघ. तुम्हाला तोंड उघडायचीपण गरज पडत नाही.

वर्षातून 4 ग्रामसभा घ्याव्याच लागतात, त्या घरोघरी रजिस्टर फिरवून सह्यांवर उरकू नका. विरोधी गटाच्या माणसाला आधी बोलू द्या आणि त्याचा प्रश्न प्रोसिडिंगमध्ये, म्हणजे सभेच्या इतिवृत्तात, त्याच्याच शब्दात लिहून घ्या.

नाही म्हणायलापण शिका. नगरकडच्या हिवरे बाजारला सरपंच पोपटराव पवारांचं नाव झालं ते काय नुसत्या भाषणांनी नाही, गावाने शेतीला बोअर बंद केले, ऊस-केळी बंद केली, दरवर्षी पाण्याचा ताळेबंद गावासमोर मांडून मग पिकं ठरवायला लागले. 2020 ला पद्मश्री मिळाली, पण त्याआधी 30 वर्षं गावाचं काम चालू होतं हे लक्षात घ्या. आणि कुठलाही नियम पहिला आपल्या भावकीला लावायचा, नाहीतर गाव ऐकत नाही.

रात्री 11 ला फोन येणार, डीपी (ट्रान्सफॉर्मर) जळाली म्हणून. उचला. वायरमनला विचारून खरं काय ते सांगा, परवा होणार असेल तर परवाच सांगा, उद्या नक्की म्हणू नका.

गावात काही वाईट घडलं आणि कोणी माईक पुढे केला तर कमी बोला, आधी ज्यांच्या घरात दुःख झालंय त्यांच्याबद्दल बोला. राज्याचे गृहमंत्री राहिलेल्या आर. आर. आबा पाटलांएवढा साधा, स्वच्छ माणूस, गाडगेबाबा स्वच्छता अभियानाने घराघरात पोचलेला, पण 26/11 च्या मुंबई हल्ल्यानंतरचं, मोठ्या शहरात अशा छोट्या गोष्टी होतात अशा अर्थाचं, एक वाक्य नडलं आणि 1 डिसेंबर 2008 ला गृहमंत्रीपद सोडावं लागलं. पुढच्याच वर्षी परत गृहमंत्री झाले कारण मागे कामाची पुंजी होती. तुमची तर अजून जमायचीय.

राहिला व्हॉट्सॲप ग्रुप. तिथे कोणी शिवी घातली तर तिथे उत्तर देऊ नका, रिमूव्हपण करू नका. सकाळी त्याच्या घरी जा, चहा घ्या आणि नळाला पाणी किती बारीक येतंय ते स्वतः हंडा लावून बघा.