भूकंपात अर्धवट टॉवर का पडतो? नागपुरात बांधकाम चालू असतानाच या चुका टाळा

२८ मार्च २०२५ ला म्यानमारमध्ये मंडालेजवळ ७.७ चा भूकंप झाला आणि तिथून जवळपास हजार किलोमीटर लांब, बँकॉकच्या चतुचक भागात, सरकारी ऑडिट ऑफिससाठी बांधत असलेली तीसहून जास्त मजल्यांची इमारत काही सेकंदांत जागेवर खाली बसली. तो व्हिडिओ बहुतेकांनी पाहिला असेल. ऐंशीहून जास्त माणसं गेली, त्यात बहुतेक साइटवर काम करणारे मजूर होते. आपल्याकडे यावर दोन गोष्टी ऐकू येतात, एक म्हणजे काम अर्धवट होतं म्हणून पडली, आणि दुसरी म्हणजे नागपुरात कुठे भूकंप होतो. दोन्ही समज चुकीचे आहेत आणि दोन्हीमुळे आपल्या साइटवर नको त्या गोष्टी खपून जातात, म्हणून जरा सविस्तर लिहितोय.

पहिला समज घ्या. त्या इमारतीचा सांगाडा वर्षभर आधीच शेवटच्या मजल्यापर्यंत पोचला होता, राहिलं होतं ते आतलं काम. म्हणजे टाइल्स नाहीत, पार्टिशन पूर्ण नाहीत, फर्निचर नाही, माणसांची गर्दी नाही, तेव्हा डिझाइनमध्ये धरलेल्या वजनापेक्षा कमीच वजन कॉलमवर होतं, तरी ती उभी राहू शकली नाही. त्याच दिवशी बँकॉकमधले बाकीचे टॉवर झोके खात होते, गच्चीवरच्या स्विमिंग पूलचं पाणी खाली कोसळत होतं, भिंतींना तडे गेले, पण अशी अख्खी खाली आलेली उंच इमारत ही एकच. ढिगाऱ्यातल्या लोह्याचे नमुने तपासले तेव्हा त्यातले काही नापास झाले. जून २०२५ च्या शेवटी थायलंड सरकारने सांगितलं की डिझाइन आणि बांधकाम दोन्हीत खोट होती, आणि मुख्य बोट ठेवलं ते लिफ्ट आणि जिन्याभोवतीच्या शिअर वॉलवर.

आता ही शिअर वॉल म्हणजे काय ते नीट समजून घ्या कारण फ्लॅट घेताना कोणी विचारतच नाही. उंच इमारतीत लिफ्ट आणि जिन्याच्या भोवती आरसीसीच्या जाड भिंती असतात, तोच इमारतीचा कणा, भूकंपाचा आणि वाऱ्याचा आडवा जोर मुख्यतः त्याच घेतात, नुसते कॉलम पुरत नाहीत. हा कणा प्लॅनमध्ये एका कोपऱ्यात ढकलला तर हादऱ्यात इमारत नुसती हलत नाही, पिळवटते, आणि लांबच्या बाजूच्या कॉलमवर भलताच ताण येतो. बँकॉकच्या चौकशीत लिफ्टच्या भिंतीची जाडी काम चालू असताना ३० सेंटीमीटरवरून २५ वर आणल्याचा मुद्दाही पुढे आला, कारण पॅसेज अरुंद पडत होता म्हणे. आपल्या साइटवर अशा गोष्टी अगदी साध्या वाटतात. लिफ्ट कंपनीला जागा हवी म्हणून भिंत बारीक करा, एसीच्या पाइपसाठी बीमला कोअर कटरने भोक मारा, ग्राहकाला हॉल मोठा पाहिजे म्हणून कॉलम सरकवा. असा कुठलाही बदल करायचा असेल तर स्ट्रक्चरल इंजिनिअरकडून नवा सहीचा ड्रॉइंग येईपर्यंत त्या मजल्याचं काम थांबवायचं, फोनवरच्या होकारावर कॉंक्रीट ओतायचं नाही.

आता नागपूरचं. भूकंपाचा विचार करून इमारत कशी डिझाइन करायची त्याचा भारतीय मानक म्हणजे आयएस १८९३, त्याच्या २०१६ च्या आवृत्तीत नागपूर झोन २ मध्ये आहे, म्हणजे धोका सगळ्यात कमी असलेल्या गटात. पण कमी म्हणजे शून्य नाही हो. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारी उद्ध्वस्त झालं तेव्हा तो भाग नकाशावर सगळ्यात सुरक्षित झोनमध्ये होता. २२ मे १९९७ ला जबलपूरला मोठा भूकंप झाला, ते आपल्यापासून फार लांब नाही. ४ डिसेंबर २०२४ ला सकाळी साडेसातच्या सुमारास तेलंगणातल्या मुलुगूला ५.३ चा झाला आणि गडचिरोली, चंद्रपूरसोबत नागपुरातही लोकांना हादरा जाणवला. आणि सगळ्यात महत्त्वाचं, २६ जानेवारी २००१ ला भूकंप भूजकडे झाला पण दोनशे किलोमीटरहून लांब असलेल्या अहमदाबादमध्ये अपार्टमेंट पडले. लांबून येणाऱ्या लाटा हळू झोके देणाऱ्या असतात, त्या बैठ्या घराला फारशा त्रास देत नाहीत पण उंच इमारतीचा स्वतःचा झोकाही हळूच असतो, दोन्ही जुळले की हलणं वाढत जातं, वर जमीन मऊ असेल तर आणखीच. बँकॉक मऊ चिकणमातीच्या जाड थरावर बसलंय. आपल्याकडे तशी स्थिती नाही, शहराच्या पश्चिमेला खाली बेसॉल्टचा खडक आहे, पण वर काळी माती आहे आणि ती पावसात फुगते, उन्हात आकसते. म्हणून बाजूच्या प्लॉटचा सॉइल रिपोर्ट वापरून फुटिंग, म्हणजे कॉलमचा पाया, ठरवणं ही मोठी चूक. आपल्याच प्लॉटवर माती तपासायला बोअर घ्या, मुरूम किंवा खडक किती खोल लागतो ते बघा, खर्च इमारतीच्या मानाने काहीच नाही.

अहमदाबादवरून दुसरी गोष्ट, जी नागपूरच्या जवळजवळ प्रत्येक नव्या गल्लीत दिसते. खाली पार्किंग, नुसते कॉलम, आणि वर सगळ्या मजल्यांना विटांच्या भिंती. वरचा भाग ताठ आणि खालचा मजला लवचिक, मग हादऱ्यात सगळं वाकणं त्या एका मजल्यात होतं आणि कॉलम मोडतात. अहमदाबादला पडलेल्या कितीतरी इमारती अशाच होत्या. पार्किंग नको असं कोणी म्हणत नाही, गाड्या ठेवायच्या कुठे, पण त्या मजल्यावर शिअर वॉल किंवा जाड कॉलम हिशोबात धरलेत का हे इंजिनिअरला थेट विचारा. बेसा, मनीषनगर, जयताळा, कुठेही फ्लॅट बघत असाल तर सॅम्पल फ्लॅटच्या आधी पार्किंगमध्ये उभं राहून हा प्रश्न विचारा.

आता लोहा. कॉलमच्या उभ्या सळयांना आडवं बांधणाऱ्या रिंगकडे लक्ष द्या, खरा खेळ तिथेच आहे. रिंगचं टोक ९० अंशात नुसतं वाकवलेलं असेल तर हादऱ्यात सळईवरचं कॉंक्रीटचं कव्हर उडालं की रिंग उघडते आणि उभ्या सळया बाहेर फुगतात. टोक १३५ अंशात आत कॉंक्रीटमध्ये वळलेलं पाहिजे, आणि कॉलमच्या वरच्या-खालच्या टोकाला, बीमच्या जोडाजवळ, रिंग जवळजवळ लागल्या पाहिजेत. आयएस १३९२० या भूकंपासाठीच्या लोहा बांधणीच्या मानकात हे सगळं दिलंय, पण २०१६ च्या आवृत्तीत ते झोन ३ पासून वर सक्तीचं आहे आणि झोन २ मध्ये ऐच्छिक, त्यामुळे आपल्याकडे "इथे लागत नाही" हे उत्तर लगेच मिळतं. लागत नसेल तरी करून घ्या. सळई एफई ५०० डी घ्या, साधी एफई ५०० तुटण्याआधी किमान १२ टक्के ताणली गेली तरी पास होते, डी ला १६ टक्के लागतात, आणि भूकंपात हे ताणणंच कामी येतं. सगळ्या सळयांचे जोड एकाच उंचीवर, तेही स्लॅबच्या लगेच वर दिसले तर काम थांबवून विचारा.

तराईबद्दल, म्हणजे कॉंक्रीटला पाणी मारून ओलं ठेवण्याबद्दल, किती बोलावं. नागपूरचा मे महिना, पारा ४५ च्या आसपास, दुपारी स्लॅब ओतायचा आणि संध्याकाळी पाणी मारू म्हणायचं, तोपर्यंत वरचं पाणी उडून बारीक भेगा पडलेल्या असतात. पहाटे किंवा रात्री ओता, गिट्टीवर सावली आणि पाणी ठेवा, ओतल्यावर गोणपाट टाकून किमान १० दिवस ओलं ठेवा, आणि कॉलम विसरू नका, स्लॅबवर आळं करून पाणी साठवतात पण कॉलम कोरडे राहतात, हे जागोजागी दिसतं. सेंट्रिंग, म्हणजे कॉंक्रीटखालचा साचा आणि टेकू, काढायची घाई तर नकोच. आरसीसीचा मानक आयएस ४५६ नुसार दोन आधारांमध्ये साडेचार मीटरहून जास्त अंतर असलेल्या स्लॅबखालचे टेकू १४ दिवस आणि सहा मीटरहून मोठ्या बीमखालचे २१ दिवस ठेवायचे असतात. ठेकेदाराला सेंट्रिंगच्या प्लेटा दुसऱ्या साइटवर न्यायच्या असतात म्हणून ते आधी निघतात. अर्धवट इमारतीचा खरा जास्तीचा धोका हाच आहे, ओला स्लॅब नुसत्या बल्ल्यांवर उभा असताना आडवा झटका बसला तर आडवे टेके नसलेल्या बल्ल्या घसरतात.

काही दिसलं तर काय करायचं? प्लास्टरवर केसासारखी बारीक जाळी असेल तर बहुतेक वेळा नुसतं आकसणं असतं. पण कॉलमवर किंवा बीमच्या टोकाला तिरकी भेग, शिअर वॉलवर फुलीसारखे तडे, किंवा साचा काढल्यावर कॉलमच्या पायथ्याशी गिट्टी उघडी आणि मध्ये पोकळ्या, हे दिसलं तर फोटो काढा, तारीख टाका, मिस्त्रीला वरून सिमेंट फासू देऊ नका. एकदा छपाई झाली की काहीच दिसत नाही. क्यूब टेस्टचे, म्हणजे कॉंक्रीटच्या ठोकळ्यांची ताकद तपासल्याचे, २८ दिवसांचे रिपोर्ट मागा, शंका असेल तर उभ्या कॉंक्रीटचीच ताकद रिबाउंड हॅमरने, अल्ट्रासोनिक लहरींनी किंवा त्यातून कोअर (गोल तुकडा) काढून तपासता येते. फ्लॅट ताब्यात आल्यावरही रेरा कायद्याच्या कलम १४ प्रमाणे ताबा मिळाल्यापासून ५ वर्षं स्ट्रक्चरल दोषाची जबाबदारी बिल्डरची, लेखी कळवल्यावर ३० दिवसांत त्याने स्वतःच्या खर्चाने दुरुस्त करायचं असतं. तक्रार तोंडी करू नका.

शेवटी साइटवरच्या माणसांचं, कारण बँकॉकला जीव त्यांचाच गेला. आपल्याकडे छत्तीसगड, बालाघाटकडून आलेली कुटुंबं कित्येकदा त्याच इमारतीच्या खालच्या मजल्यावर राहतात, लेकरांसकट. त्यांची खोली इमारतीच्या बाहेर, क्रेनच्या आवाक्याबाहेर करून द्या, पत्र्याची असली तरी चालेल. जमीन हलली तर वरच्या मजल्यावरच्याने लिफ्ट किंवा हॉइस्टकडे (माल चढवायच्या लिफ्टकडे) धावायचं नाही, कडेपासून आणि परांचीपासून आत सरकून कॉलमजवळ डोकं झाकून बसायचं, थांबल्यावर जिन्याने उतरायचं, आणि जे खाली आहेत त्यांनी मोकळ्यात जायचं. मोबाइल, डबा, पैसे घ्यायला परत वर चढू नका, पाठोपाठ दुसरे हादरे येतात. इंजिनिअर प्रत्येक मजला, टेकू आणि क्रेन बघून लेखी हो म्हणेपर्यंत काम सुरू करायचं नाही. आणि रोजची हजेरी, कोण कुठल्या मजल्यावर आहे ते, इमारतीत नाही तर गेटवर ठेवा, रोजंदारीवर एका दिवसासाठी आलेल्याचंही नाव त्यात लिहा, म्हणजे ढिगाऱ्याखाली कोणाला शोधायचं हे पहिल्या तासातच कळेल.