भाच्याची फाईल: मुलाच्या ल्युकेमियात घरच्यांनी काय सांभाळायचं

घरात मुलाला ल्युकेमिया, म्हणजे रक्ताचा कॅन्सर, निघाला की डॉक्टर काय सांगतायत ते आईबापाच्या डोक्यात शिरतच नाही. तेव्हा फाईल तिसऱ्या कुणीतरी हातात घ्यावी. ताई-भावजी संगमेश्वरहून पोराला घेऊन आले, आमची खोली लालबागला, परळचं टाटा हॉस्पिटल चालत जाण्याजोगं. म्हणून फाईल या मामाकडे आली. मी डॉक्टर नाही. औषधाचा निर्णय डॉक्टरांचाच, हे लिहितोय ते बाकीच्या कामांसाठी.

आधी आजार समजून घ्या, म्हणजे पुढचं कळतं. रक्त हाडांच्या मगजात तयार होतं. तिथे कच्च्या पांढऱ्या पेशी बेसुमार वाढतात आणि बाकीच्यांना जागाच उरत नाही. तांबड्या पेशी घटल्या की मूल पांढरंफटक पडतं, रक्त गोठवणाऱ्या प्लेटलेट घटल्या की न लागता निळे डाग उठतात, कामाच्या पांढऱ्या पेशी नसल्या की ताप हटत नाही. पाय दुखतात म्हणून मूल कडेवर घ्या म्हणतं. हा आजार संसर्गजन्य नाही आणि आईने काय खाल्लं, कुणाची नजर लागली याच्याशी त्याचा संबंध नाही. ही गावाकडच्या आजीला दोनदा सांगायची गोष्ट आहे.

मुलांमध्ये साधारण चारातल्या तिघांना एएलएल (अक्यूट लिम्फोब्लास्टिक ल्युकेमिया) हा प्रकार असतो. एएमएल (अक्यूट मायलॉइड ल्युकेमिया) या दुसऱ्या प्रकाराचा उपचार वेगळा असतो. मुदत कमी, पण मारा जबर. शेजारच्या खाटेशी तुलना करू नका ती यासाठीच. निदानाआधी सांधेदुखीवर म्हणून कुणी स्टेरॉइड देत असेल तर आधी रक्त तपासून घ्या, कारण स्टेरॉइडने ल्युकेमिया काही काळ झाकला जातो. मगजाची तपासणी, फ्लो सायटोमेट्री (पेशींचा प्रकार ओळखायची चाचणी), गुणसूत्रं, पाठीच्या पाण्याची तपासणी या सगळ्यांचे कागद तारखेप्रमाणे लावा आणि झेरॉक्स वेगळ्या पिशवीत ठेवा.

एएलएलचा पहिला टप्पा म्हणजे इंडक्शन, साधारण चार-पाच आठवड्यांचा. व्हिन्क्रिस्टिन, अ‍ॅस्पॅराजिनेज, पाठीतून मेथोट्रेक्सेट आणि रोजचं स्टेरॉइड. स्टेरॉइडने भूक खवळते. आमचा भाचा रात्री दोनला वरणभात मागायचा, तूप कमी पडलं तर ताट ढकलायचा आणि चाळ जागी करायचा. लाड नव्हेत ते, औषध आहे, ओरडू नका. व्हिन्क्रिस्टिनने पोट गच्च होतं, जबडा दुखतो, चालताना पाऊल घसटतं. तारीख घालून वहीत लिहा आणि डॉक्टरांना दाखवा.

महिन्याभराने डॉक्टर म्हणतात, मगज साफ आहे. भावजींनी लगेच एसटीची चौकशी सुरू केली. इथेच बऱ्याच घरांचं चुकतं. सूक्ष्मदर्शकाला साफ दिसलं तरी शरीरात अब्जावधी पेशी दडलेल्या असू शकतात. म्हणून एमआरडी, म्हणजे उरलेल्या कॅन्सर पेशी शोधायची चाचणी करतात. ती दहा हजारांत एक पेशी उरली असली तरी पकडते. पुढचे टप्पे त्या लपलेल्यांसाठी असतात. सगळा उपचार मिळून दोन ते अडीच वर्षं. त्यातला मोठा भाग म्हणजे मेंटेनन्स, म्हणजे आजार उलटू नये म्हणून गोळ्या चालू ठेवायचा टप्पा, आणि तो घरीच चालतो.

मेंटेनन्समध्ये ६-मर्काप्टोप्युरिन रोज आणि मेथोट्रेक्सेट आठवड्यातून एकदाच. मेथोट्रेक्सेट चुकून रोज दिलं तर जिवावर बेततं. वार ठरवा, कालनिर्णयवर लाल गोल करा, डब्या वेगळ्या ठेवा आणि देणारा माणूस एकच असू द्या. मूल खेळतंय, केस आलेत, आता कशाला गोळ्या, असं कुणी म्हणालं तर त्यांना चहा द्या, गोळी चुकवू नका.

सीबीसीच्या, म्हणजे रक्तपेशी मोजायच्या तपासणीच्या कागदावरून एएनसी काढायला शिका; एएनसी म्हणजे जंतूंशी लढणाऱ्या न्यूट्रोफिल या पांढऱ्या पेशींचा आकडा. एकूण पांढऱ्या पेशी गुणिले न्यूट्रोफिलची टक्केवारी, भागिले शंभर. पेशी १,२०० आणि न्यूट्रोफिल ३० टक्के, म्हणजे ३६०. पाचशेच्या खाली मूल जंतूंपुढे जवळजवळ उघडं असतं.

आणि ताप. १०० अंश फॅरनहाइटच्या वर काटा सरकायला लागला की झोप विसरा. १००.४ झालं की वॉर्डाने दिलेल्या नंबरवर फोन आणि थेट हॉस्पिटल, मग रात्रीचे तीन वाजलेले असोत की बाहेर पाऊस पडत असो. सकाळच्या ओपीडीची वाट बघायची नाही. अँटिबायोटिक पहिल्या तासात शिरेत जायला हवं. विचारल्याशिवाय पॅरासिटामॉल नको, ताप लपतो. आयबुप्रोफेन, अ‍ॅस्पिरिन अजिबात नाही. ताप गुदद्वारातून मोजायचा नाही. फाईल, चार्जर आणि टॅक्सीचे सुटे पैसे असलेली पिशवी आमच्या दारामागच्या खिळ्याला कायम टांगलेली असे.

खाणं घरचं, शिजलेलं, गरम, पाणी उकळलेलं. कापून ठेवलेली फळं, गोळा, गाडीवरची चटणी बंद. पपईच्या पानांचा रस, काढे, भस्मं घेऊन येणाऱ्यांना नाही म्हणा. लिव्हरवर आधीच औषधांचा भार असतो. गणपतीत दर्शनाला येणाऱ्यांपैकी खोकणारा दारातूनच परत. शाळेत, चाळीत कुणाला कांजिण्या निघाल्या तर त्याच दिवशी हॉस्पिटलला कळवा.

पैशांसाठी पहिल्याच आठवड्यात मेडिकल सोशल वर्करला गाठा. रेशनकार्ड, आधार सोबत ठेवा. महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजना, रेल्वेची सवलत, सगळं तिथून सुरू होतं. राहायला जागा नसेल तर दादरची गाडगे महाराज धर्मशाळा किंवा सेंट ज्यूड यांची चौकशीही तिथेच करा. प्लेटलेट पाचच दिवस टिकतात, साठवून ठेवता येत नाहीत; म्हणून मंडळातल्या पोरांची रक्तगटासकट यादी आधीच करा.

उपचार संपला की फाईल माळ्यावर टाकू नका. डॉनोरुबिसिन, डॉक्सोरुबिसिन एकूण किती गेलं याचा सारांश डॉक्टरांकडून लिहून घ्या, कारण ही औषधं पुढे हृदयाला त्रास देऊ शकतात आणि भाचा पंचविशीचा होईल तेव्हा त्याच्या डॉक्टरला तो आकडा लागेल. राहिलेल्या लसी कधी द्यायच्या तेही त्याच भेटीत विचारा.