नेदराइट: वाय 15 च्या बोगद्यापासून स्मिदिंग टेबलापर्यंत

माइनक्राफ्टमध्ये नेदराइटचा (हिऱ्याहून टिकाऊ धातूचा) एक इनगट, म्हणजे वीट, करायला चार एन्शंट डेब्री (त्याचं खनिज) आणि चार सोन्याचे इनगट लागतात. अंगावरच्या चार चिलखतांना 16 डेब्री, तलवार, पिकॅक्स, कुऱ्हाड, फावडं आणि खुरपं ही पाच हत्यारंही धरली तर 36. आकडा आधी ठरवा, मग उतरा.

डेब्री फक्त नेदरमध्ये, म्हणजे खेळातल्या आगीच्या दुनियेत, सापडते आणि उघड्यावर जवळजवळ कधीच नसते, त्यामुळे गुहा धुंडाळून काही हाती लागत नाही. सर्वांत दाट थर वाय 15 च्या आसपास. वाय म्हणजे तुमच्या उंचीचा आकडा; तो पाहायला जावा आवृत्तीत एफ3 दाबा, बेडरॉकमध्ये सेटिंगमधून कोऑर्डिनेट्स चालू करा. 16 बाय 16 ठोकळ्यांच्या एका चंकमध्ये (नकाशाच्या तुकड्यात) सरासरी दोनसुद्धा निघत नाहीत. एकाच जागी उकरत बसू नका, सरळ रेषेत पुढे चला.

पिकॅक्स हिऱ्याचीच हवी. लोखंडाच्या पिकॅक्सने डेब्री फुटते, पण हातात काहीच पडत नाही. जास्त माल मिळवून देणाऱ्या फॉर्च्यून मंत्राचाही इथे उपयोग नाही. खणणं जलद करणारा एफिशियन्सी 2 मात्र जरूर घाला, त्यानंतर नेदररॅक (नेदरचा लाल दगड) एका फटक्यात उडतो.

खरा शत्रू लाव्हा. नेदरमधल्या लाव्हाच्या समुद्राची पातळी वाय 31, म्हणजे तुम्ही काम करताय ते त्याच्या खाली. शिवाय इथे तो एरवीपेक्षा भरभर वाहतो आणि बादलीतलं पाणी इथे ओतताच वाफ होऊन जातं. म्हणून फायर रेझिस्टन्सचं औषध. पाण्याच्या बाटलीत आधी नेदर वॉर्ट, मग मॅग्मा क्रीम, शेवटी रेडस्टोन. रेडस्टोन विसरलात तर असर तीनच मिनिटं, घातलात तर आठ. औषध बनवायच्या ब्रूइंग स्टँडवर तीन बाटल्या एकदम होतात. लाव्हा दिसेपर्यंत पिऊ नका, पण बाटली हॉटबारवरच (पडद्याच्या तळाच्या पट्टीत) राहू द्या. इन्व्हेंटरी उघडून शोधायला वेळ मिळत नाही. दगडाचे ठोकळेही हाताशी असू द्या. लाव्हा बोगद्यात आला की मागे पळण्यापेक्षा तोंड बुजवणं सोपं.

आता खणणं. दोन ठोकळे उंच, एक रुंद बोगदा. नुसत्या पिकॅक्सने जमतं, पण वेळखाऊ आहे. नेदररॅक स्फोटात सहज उडतो आणि डेब्रीला स्फोटाचं काही होत नाही, म्हणून बहुतेक खेळाडू बेड वापरतात: नेदरमध्ये बेडवर झोपायला गेलं की तो फुटतो. बोगद्याच्या टोकाला बेड ठेवा, त्याच्या आणि तुमच्या मध्ये पायाच्या उंचीवर एक दगडाचा ठोकळा लावा, आणि ठोकळ्यावरून बेडवर क्लिक करा. तो ठोकळा विसरला तर पूर्ण हिऱ्याच्या चिलखतातही जीव वाचेल याची खात्री नाही. नंतर आग राहते, ती विझवून मगच पुढे पाऊल. भिंतीत तपकिरी रंगाचा, वरच्या बाजूला वलयं असलेला ठोकळा दिसला की तीच डेब्री. फोडली की लगेच उचला, कारण जमिनीवर पडलेली वस्तू पुढच्या स्फोटात नाहीशी होते. मग पाच-सहा ठोकळे पुढे सरकून पुन्हा तेच.

बेडची अडचण एवढीच की ते एकावर एक रचले जात नाहीत, एक बेड म्हणजे इन्व्हेंटरीचा एक खाना. टीएनटी 64 एका खान्यात मावतो, पण एकाला पाच गनपावडर आणि चार वाळू. वाळू नि क्रीपर (गनपावडर देणारे राक्षस) भरपूर असतील तर टीएनटी, मेंढ्या जवळ असतील तर बेड.

घरी आल्यावर डेब्री ब्लास्ट फर्नेसमध्ये टाका. साध्या भट्टीत एकाला दहा सेकंद, इथे पाच. मिळालेले चार स्क्रॅप आणि चार सोन्याचे इनगट क्राफ्टिंगमध्ये कुठल्याही क्रमाने ठेवा. सोन्यासाठी नेदर गोल्ड ओर फोडणार असाल तर आसपास पिगलिन (नेदरमधले डुक्करमुखी रहिवासी) नाहीत ना, ते पाहा. सोन्याला हात लावलेला त्यांना खपत नाही.

इथेच बहुतेक जण अडकतात. 2023 मध्ये 1.20 आवृत्ती आली आणि तेव्हापासून हिऱ्याची वस्तू नेदराइटची करायच्या स्मिदिंग टेबलावर त्या वस्तूबरोबर इनगट आणि अपग्रेड टेम्पलेट दोन्ही लागतात. त्याआधीचे व्हिडिओ पाहून कामाला लागलात तर फसाल. टेम्पलेट बॅस्टियनच्या (नेदरमधल्या पिगलिनांच्या पडक्या किल्ल्याच्या) पेट्यांत मिळतो. खजिन्याच्या खोलीच्या बॅस्टियनमध्ये हमखास, इतरत्र नशिबावर. नेदरच्या बसाल्ट डेल्टा या भागात बॅस्टियन बनतच नाही, तिथे शोधू नका. आत जाताना अंगावर चिलखताचा एक तरी सोन्याचा भाग घाला, म्हणजे साधे पिगलिन अंगावर येत नाहीत, मात्र दांडग्या पिगलिन ब्रूटला त्याचं काहीच नसतं, तो दिसला की लढावं किंवा निसटावं.

टेम्पलेट एका वापरात संपतो. म्हणून आणखी वस्तू करायच्या असतील तर शेवटचा टेम्पलेट टेबलावर ठेवू नका, आधी प्रत काढा: मध्ये एक नेदररॅक, वर टेम्पलेट, बाकी सात जागी हिरे, आणि मिळतात दोन. चार चिलखतांसाठी तीन प्रती, म्हणजे 21 हिरे. हा खर्च डेब्रीच्या हिशेबात कोणी धरत नाही आणि नेमका तिथेच कमी पडतो.

वस्तूवरची एन्चांटमेंट (मंत्र) अपग्रेडने जात नाहीत, त्यामुळे हिऱ्याची वस्तू आधी मंतरून घेतली तरी चालतं. पहिला इनगट पिकॅक्सला द्या: टिकाऊपणा 1561 वरून 2031 होतो आणि पुढचं सगळं खणणं तीच करणार आहे. त्यानंतर छातीचं चिलखत. खुरप्याला इनगट सर्वांत शेवटी. खेळ त्याबद्दल ‘सीरियस डेडिकेशन’ नावाची ॲडव्हान्समेंट देतो, ती थट्टाच समजा.